लोटन पाटलाचं उजळ लिव्हर

आयुष्यात लोटन पाटलाचा पहिला नंबर एकदाच आला, आणि तो रक्ताच्या रिपोर्टात आला.

त्याची थोरली बहीण रोहिणीताई खांडबाऱ्याला दिलेली. तिचं लिव्हर दोन वर्षांपासून कामातून जात चाललं होतं. दारू नाही, तंबाखू नाही. शरीरातल्या पोलिसांनीच चोर समजून तिच्या लिव्हरला बडवून काढलंय, असं सुरतेच्या डॉक्टरांनी समजावून सांगितलं. आता एकच इलाज उरला होता. कुणीतरी जवळच्या नातेवाइकानं आपल्या लिव्हरचा मोठा तुकडा द्यायचा आणि तो ताईला बसवायचा. ताईचे यजमान धर्मेंद्र सर यांचा रक्तगट जुळेना. मुलगी आशा रक्तानं बापावर गेलेली. थोरल्या भावाला शुगर. मधल्याला ब्लडप्रेशर आणि बायको. राहिला लोटन.

लोटन नंदुरबारच्या एका शाळेत लिपिक होता. लहानपणी तो कबड्डीत राखीव असायचा, गॅदरिंगच्या नाटकात पडदा ओढायचा आणि लग्नाच्या पंगतीत मीठ वाढायचा. मीठ वाढणाऱ्याला कुणी कधी पुन्हा बोलावत नाही, हे ज्यांनी वाढलंय त्यांनाच ठाऊक. अशा माणसाला सेहेचाळिसाव्या वर्षी सुरतेहून फोन येतो की तुमचा गट जुळला, तपासणीला या. त्या दिवशी लोटननं शर्टाची वरची दोन बटणं उघडी टाकली आणि छाती पुढे काढून चहा आणायला गेला. वास्तविक चहा घरात होता.

"पासष्ट टक्के देणार आहे," तो न्हाव्याला म्हणाला, रिक्षावाल्याला म्हणाला, आणि बँकेत पासबुक भरून घेताना काचेपलीकडच्या बाईलाही म्हणाला. शेजारच्या भिकुबाई ओट्यावर लसूण सोलत होत्या. त्यांनी हातातली पाकळी खाली ठेवली.

"मंग तुन्हं काय ऱ्हाई रे भो?"

"पुन्हा वाढतं, मावशी. दोन-तीन महिन्यांत."

"पालनी शेपटी सारखं?"

उदाहरण शास्त्रीयदृष्ट्या चुकीचं नव्हतं, पण लोटनला ते लागलं. त्याग करणाऱ्या माणसाची तुलना पालीशी करू नये, एवढं तरी लोकांना कळायला हवं.

तपासणीच्या आधीच शाळेनं त्याचा सत्कार उरकून घेतला. शाल, श्रीफळ, आणि मुख्याध्यापकांचं भाषण, ज्यात त्यांनी लिव्हरला तीनदा किडनी म्हटलं. लोटननं दुरुस्ती केली नाही. सत्कारमूर्तीनं मध्ये बोलायचं नसतं.

सुरतेच्या हॉस्पिटलात पहिल्या दिवशी सोनोग्राफी झाली. तपासणाऱ्या डॉक्टरबाई मूळच्या नवापूरच्या, त्यामुळे भाषेची अडचण नव्हती. पोटावर गार लिबलिबीत काहीतरी लावून त्यांनी यंत्राची मूठ बरगडीखाली दाबली, "श्वास आत घ्या, धरा" म्हणाल्या आणि पडद्याकडे बघत राहिल्या. लोटननं श्वास धरला. आपल्या आत काय आहे हे बघायची त्याला पहिल्यांदाच संधी मिळत होती, पण पडदा तिकडे वळलेला होता.

"लिव्हर बरंच ब्राइट दिसतंय," बाई शेजारच्या मुलीला म्हणाल्या. मुलीनं ते टाइप केलं.

लोटनचा धरलेला श्वास आनंदानं सुटला. कॉरिडॉरमध्ये येऊन त्यानं आधी बायकोला फोन लावला. "कामिनी, डॉक्टर काय म्हणाली सांगू? लिव्हर ब्राइट शे!" कामिनीनं हे भिकुबाईंना सांगितलं. भिकुबाईंनी नळावर सांगितलं. नळावरून ते उदेसिंग बापूंकडे गेलं. बापू म्हणजे निवृत्त तलाठी, गल्लीतल्या प्रत्येक कार्याचे स्वयंघोषित अध्यक्ष. त्यांनी तासाभरात गल्लीच्या ग्रुपवर टाकलं: 'आपल्या लोटनभाऊंचे यकृत तेजस्वी असल्याचा सुरतेच्या तज्ज्ञांचा निर्वाळा.' आणि कोपऱ्यावर फ्लेक्स लावायला सांगितलं. फ्लेक्सवर लोटनचा फोटो, मागे सूर्य, आणि खाली बारा शुभेच्छुक.

इकडे दुपारी सीटी स्कॅन झाला. संध्याकाळी एमआरआय. दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच डॉक्टरबाईंनी त्याला समोर बसवलं आणि यावेळी पडदा त्याच्याकडे वळवला.

"हे बघा, तुमच्या उजव्या बाजूचं मोठं ते लिव्हर. डाव्या बाजूचं छोटं ती प्लीहा. सीटीमध्ये लिव्हर प्लीहेपेक्षा उजळ दिसायला हवं. तुमचं तिच्यापेक्षा काळपट आहे."

लोटन खुर्चीत पुढे सरकला. "मॅडम, काल सकाळी उजळ होतं."

"सोनोग्राफीत उजळ होतं."

"मग दुपारपर्यंत काळं कसं पडलं? मी तर पाणीसुद्धा प्यायलो नव्हतो. तुम्हीच उपाशी ठेवलं होतं."

बाई हसल्या नाहीत, हे त्यांचं मोठेपण. त्यांनी समजावलं. सोनोग्राफी म्हणजे आवाज. विहिरीत हाक मारल्यावर परत येते, तसा हा आवाज पोटातून परत येतो. लिव्हरमध्ये चरबीचे बारीक थेंब साचले की त्यांच्यावर आपटून तो जास्त परत येतो, म्हणून पडद्यावर लिव्हर शेजारच्या किडनीपेक्षा पांढरंफेक दिसतं. सीटी म्हणजे एक्स-रे. तो घट्ट वस्तूला उजळ दाखवतो आणि हलकीला काळपट. चरबी हलकी. "दोन्ही यंत्रं एकच गोष्ट सांगताहेत. आणि एमआरआयनं आकडाच दिला. बावीस टक्के."

"बावीस टक्के काय?"

"चरबी. फॅटी लिव्हर आहे तुम्हाला."

लोटननं आधी पडद्याकडे, मग स्वतःच्या पोटाकडे पाहिलं. पोट होतं, नाही असं नाही, पण सरकारी नोकराला शोभेल इतकंच होतं. "मी दारूला शिवलेलो नाही," तो म्हणाला.

"याला दारू लागत नाही. सकाळी काय खाता?"

लोटननं प्रामाणिकपणे सांगितलं. सकाळी फाफडा. रविवारी त्यासोबत जिलेबी. दुपारी डबा, तो शाळेत; मग घरी आल्यावर कामिनीला वाईट वाटू नये म्हणून पुन्हा थोडं. संध्याकाळी शेवभाजी, तर्री वरपर्यंत. उन्हाळ्यात आमरस आणि खापरावरच्या पुरणपोळ्या, त्या मोजायची घरात पद्धत नाही. बाई लिहून घेता घेता थांबल्या.

"हे लिव्हर आम्ही घेऊ शकत नाही," त्या मऊपणे म्हणाल्या. "अर्धं तुमच्याकडे राहणार, अर्धं ताईंकडे जाणार. इतकी चरबी असेल तर दोन्ही अर्धी दमतील. तुम्हाला धोका, त्यांना जास्त. पण ही चरबी उतरते. आठ आठवडे देते. दहाच्या खाली आणा."

"आणि ताई? ती आठ आठवडे..."

"आठ काढतील असं वाटतं. फार पुढचं मी सांगणार नाही."

परतीच्या गाडीत लोटन खिडकीशी बसला. सुरत ते नंदुरबार तीन-एक तास. गाडीत भेळवाला आला, खारी शेंगवाला आला, उच्छल स्टेशनात भजी आली. लोटननं कशाकडेही पाहिलं नाही. आयुष्यात एकदा पहिला नंबर आला आणि फेरतपासणीत तोही गेला. गाव आलं तेव्हा त्यानं ठरवलं, गल्लीत मागच्या बाजूनं शिरायचं. पण फ्लेक्स मागच्या कोपऱ्यावरच लावलेला होता. सूर्य त्याच्या डोक्यामागून उगवत होता आणि खाली लिहिलं होतं, 'तेजस्वी यकृताचे धनी'.

खरं सांगावं लागलं. ओट्यावर सगळे जमलेले, आणि लोटन चपला न काढताच बोलला. फ्लेक्स उतरवायचा का, असं कुणीतरी हळूच विचारलं. उदेसिंग बापू उभे राहिले. "उतरवायचा नाही," ते म्हणाले. बापू अहिराणी फक्त माणसांशी बोलत. निर्णय ते शुद्ध मराठीतच देत. "लिव्हर फ्लेक्सच्या लायकीचे करण्यात येईल."

आणि गल्लीनं लोटनचं लिव्हर ताब्यात घेतलं.

भिकुबाई दुसऱ्या दिवशी पहाटे काढा घेऊन आल्या. त्यात भुईआवळा, कुटकी, कारल्याची पानं आणि एक मुळी, जिचं नाव त्या सांगेनात. कामिनीनं सुरतेला फोन करून विचारलं तर बाई जवळजवळ ओरडल्या: कसलाही काढा नको, त्यानंच लिव्हर बिघडायचं. भिकुबाई चार दिवस रुसल्या. पाचव्या दिवशी त्यांनी स्वतःहून वांगी आणली, म्हणाल्या, "भाजीसन खाय, तेल नको टाकू," आणि आपण किती आधुनिक आहोत हे सबंध गल्लीला सांगितलं.

वाहरूचं फरसाणाचं दुकान कोपऱ्यावरच. तिसऱ्या रविवारी लोटन तिथून नुसता चालला होता. आता पाय थांबले त्याला तो काय करणार? जिलेबी कढईतून पाकात आणि पाकातून ताटात पडत होती. त्यानं फक्त भाव विचारला. वाहरूनं झारा कढईच्या काठावर ठेवला आणि दोन्ही हात जोडले.

"लोटनभाऊ, ते लिव्हर आते तुमनं एकलानं ऱ्हायनं नही."

चार गिऱ्हाइकांसमोर! लोटनचे कान तापले. लाचलुचपतीत सापडलेल्या माणसाकडेही लोक इतक्या दुःखानं बघत नाहीत. तो घरी आला तोवर बातमी पोचलेली होती. कामिनीनं त्याच्यापुढे ज्वारीची एक भाकरी, मेथी आणि ताक ठेवलं, आणि ताट संपेपर्यंत समोर बसून राहिली. लग्नाला बावीस वर्षं झाली होती, तिनं असं एकटक कधी पाहिलं नव्हतं. आता पाहत होती ती लिव्हरकडे.

सकाळी चालणं. पहिल्या दिवशी एकटा निघाला. दुसऱ्या दिवशी बापू सोबत आले, देखरेखीला. आठवड्याभरात अकरा माणसं झाली. थंडीचे दिवस, रस्त्याच्या दोन्ही बाजूंना मिरची वाळत घातलेली, नजर जाईल तिथवर लालभडक. वारा तिकडून सुटला की सगळा जथा शिंकत चाले. लोटन एका फेरीत चाळीस-चाळीस शिंका देई. शिंकण्यानं चरबी जळते, असा शोध बापूंनी लावला, आणि मग लोक वाऱ्याच्या बाजूनं चालण्यासाठी भांडू लागले.

हे चालू असताना कागद. हॉस्पिटलला पुरावा हवा होता की लोटन हा रोहिणीचा सख्खा भाऊ आहे, भाड्यानं आणलेला नाही. ताईच्या शाळेच्या दाखल्यावर बापाचं नाव दगा. लोटनच्या दाखल्यावर दगडू. म्हणजे कागदोपत्री दोघं दोन बापांची लेकरं. गावच्या शाळेत मूळ रजिस्टर बघायला गेले तर वाळवीनं नेमकी ती दोन पानं खाल्लेली. वाळवीनं तरी इतकं निवडून खाऊ नये. कचेरीतल्या कारकुनानं विचारलं, दुसरा काही पुरावा आहे का. लोटननं कपाळावरची खोक दाखवली. "ही ताईनंच मारलेली. लाटण्यानं. मी चौथीत होतो."

कारकून म्हणाला, "खोकेवर शिक्का मारता येत नाही, पाटील."

लोटन स्वतः कारकून. असं उत्तर त्यानंही शेकडो लोकांना दिलेलं होतं. पण आपल्याला मिळाल्यावर ते इतकं अपमानास्पद असतं, याची त्याला कल्पना नव्हती.

उदेसिंग बापूंना मात्र निवृत्तीनंतर पहिल्यांदा खरं काम मिळालं. मागितली होती भावाबहिणीची वंशावळ. बापूंनी सात पिढ्यांची काढली. प्रतिज्ञापत्रं, साक्षीदार, पोलिसांचा दाखला, सगळी फाइल इतकी जाड झाली की ती बांधायला चपलेचा बंद लागला.

सहाव्या आठवड्यात लोटन खांडबाऱ्याला गेला. ताईला पाहून महिना झाला होता. डोळे हळदीसारखे, हात काडीसारखे, पोट पाण्यानं फुगलेलं. तरी ती भिंतीला धरून स्वयंपाकघराच्या दारात उभी होती.

"कितला सुकी गया रे तू!" ती म्हणाली. "बैस. तुन्हाकरता शेवभाजी करेल शे."

धर्मेंद्र सरांनी मागून खूण केली, की ऐकलंच नाही, सकाळपासून खुर्ची घेऊन चुलीशी बसली होती. लोटन पाटावर बसला. ताईनं ताट पुढे सरकवलं. तर्री वरपर्यंत. तिला स्वतःला दोन घास जात नव्हते, आणि त्याच्यासाठी तिनं खोबरं भाजून वाटलं होतं. ताईच्या हातचं त्यानं जन्मात परत केलेलं नव्हतं. आई शेतात असायची तेव्हा हिनंच त्याला भरवलेलं होतं, आणि पोट भरलं म्हणाला तर लाटणं उगारलेलं होतं.

"ताई, माले नको."

"काय म्हनना तू?"

"नको म्हनी ऱ्हायनू."

"मन्हा हातनं नको?" ताईचा आवाज फाटला. "मन्हं जे व्हवानं ते व्हई, पन तू उपाशी नको ऱ्हाऊ!"

लोटननं ताट हळूच तिच्याकडे ढकललं. "तुन्हाकरताच नको म्हनस," तो म्हणाला. पिशवीतून त्यानं कामिनीनं दिलेला डबा काढला. भाकरी आणि भाजलेलं वांगं. तो मान खाली घालून खात राहिला. ताई बराच वेळ त्याच्याकडे बघत होती. मग तिनं शेवभाजीचं ताट उचलून नवऱ्यापुढे ठेवलं.

"तुमी खा," ती धर्मेंद्र सरांना म्हणाली. "तुमनं लिव्हर कोनले नको शे."

गेल्या कित्येक महिन्यांत त्या घरात कुणी हसलं नव्हतं. त्या दिवशी तिघंही हसली. ताई इतकी हसली की तिला धाप लागली, आणि मग तिला धरून निजवावं लागलं.

आठवा आठवडा. वजन शहाऐंशीवरून शहात्तर. सुरतेत पुन्हा तीच सगळी यंत्रं. यावेळी लोटननं श्वास असा धरला की डॉक्टरबाईंना "सोडा आता" म्हणावं लागलं. त्यांनी सोनोग्राफीचा पडदा वळवला: लिव्हर आणि किडनी, दोन्ही एकाच राखाडी रंगाची, शेजाऱ्यासारखी. सीटीत लिव्हर प्लीहेपेक्षा उजळ, चांगलं ठळक. आणि एमआरआयचा आकडा. सहा.

"सहा टक्के," बाई म्हणाल्या. "मिस्टर पाटील, एवढा आज्ञाधारक पेशंट मी पाहिलेला नाही."

"पेशंट नाही, मॅडम," लोटन म्हणाला. "दाता."

राहिली ती अवयवदानाला परवानगी देणारी समिती. लांब टेबलामागे चार माणसं, समोर बापूंची फाइल, चपलेच्या बंदासकट. अध्यक्षांनी वंशावळ उघडली, चौथ्या पिढीपर्यंत गेले आणि मिटली. मग हिंदीत विचारलं, "आप पर किसीका दबाव तो नहीं है?"

लोटनला खोटं बोलायची सवय नव्हती. "दबाव बहुत है, साहब," तो म्हणाला.

टेबलामागची चारही माणसं ताठ झाली. एकानं पेन उघडलं. "कौन दबाव डाल रहा है?"

"पूरी गल्ली. जिलेबीवाला जिलेबी नहीं देता. बायको ताट संपेपर्यंत उठत नाही. बापू पहाटे येऊन दार वाजवतात..." उत्साहात हिंदी सुटून गेली. बाहेर बाकावर कामिनीनं कपाळाला हात लावला. अध्यक्षांनी हात वर केला आणि सावकाश, प्रत्येक शब्द सुटा करून विचारलं, "लिव्हर देने के लिए किसने कहा?"

आता लोटनला प्रश्न कळला.

"किसीने नहीं," तो म्हणाला. "बहन ने तो मना किया था. साहब, मुझे कभी किसीने कुछ माँगा ही नहीं. ये भी नहीं माँगा. मैं खुद आया. एक बार आया तो फेल हुआ, इसलिए दुसरी बार आया."

अध्यक्षांनी सही केली. पेन उघडलेल्या माणसानं पेन मिटलं.

ऑपरेशन बारा तास चाललं. बापू, भिकुबाई आणि वाहरू आदल्या दिवशीच्या गाडीनं येऊन हॉस्पिटलच्या बाहेर बसले होते. वाहरूनं त्या दिवशी दुकान बंद ठेवलं, जे त्यानं स्वतःच्या लग्नातही ठेवलं नव्हतं. लोटनला शुद्ध आली तेव्हा पोटावर भला मोठा टाका होता आणि कामिनी त्याच्या तोंडाकडे बघत होती. लिव्हरकडे नाही, तोंडाकडे. "ताई?" त्यानं विचारलं. "बरी शे," ती म्हणाली, आणि पदर डोळ्यांना लावला.

आठव्या दिवशी त्याला चालायची परवानगी मिळाली. एक हात भिंतीला, एक टाक्यांवर ठेवून तो कॉरिडॉरभर हळूहळू ताईच्या खोलीपर्यंत गेला. दारातच थांबला. आत नर्स पातळ खिचडीची वाटी घेऊन उभी होती. ताईच्या डोळ्यांचा पिवळेपणा ओसरायला लागला होता. तिनं वाटी संपवली, चमच्यानं तळ खरवडला आणि नर्सकडे पाहिलं.

"और मिलेगा?"

"अभी नहीं, माँजी. अभी तो आपने दूसरी बार लिया."

ताईनं मान वळवली आणि दारातल्या लोटनला पाहिलं. दोन वर्षांत तिला कुणी घास मागताना ऐकलं नव्हतं. "लोटन," ती भांडायच्या आवाजात म्हणाली, "माले भूक लागनी. दिनभर लागस. हाई काय दी ठेवं तू माले?"

नर्सला अहिराणी कळली नाही. तिनं लोटनकडे बघून विचारलं, "क्या बोल रही हैं?"

लोटननं टाक्यांवरचा हात काढला, भिंतीवरचाही काढला, आणि कुणाच्याही आधाराशिवाय ताठ उभा राहिला.

"बोल रही हैं के भूख लगी है," तो म्हणाला. "दे दो, सिस्टर. वो भूख हमारे यहाँ की है."